करंजाची सावली

(झाड लावणे सोपे असते, ते जगवणे अवघड असते. धाराशिव जिल्ह्यातील एका शाळेने दुष्काळाच्या वर्षात करंजाची रोपे कशी जगवली, याची हकिकत या पाठात सांगितली आहे. त्याबरोबरच करंजाच्या झाडाची ओळख आणि त्याची निगा राखण्याची रीतही दिली आहे.)

"सर, 'इंडियन बीच' म्हणजे भारतातला समुद्रकिनारा ना?"

इंग्रजीच्या पुस्तकात एका विद्यार्थ्याला हे दोन शब्द सापडले होते. त्याच्या शेजारी बसलेला मुलगा लगेच म्हणाला, "नाही रे, बीच म्हणजे मधे. उर्दूत आपण 'बीच में' म्हणतो की!" सगळा वर्ग हसला. मलाही हसू आले. मी दोघांना वर्गाबाहेर नेले आणि मैदानाच्या कडेला उभ्या असलेल्या झाडाकडे बोट दाखवून म्हणालो, "हे पाहा इंडियन बीच. रोज याच्याच सावलीत बसून तुम्ही डबा खाता."

ते झाड करंजाचे होते.

युरोपातील जंगलांत 'बीच' नावाचा एक मोठा वृक्ष आढळतो. तो थंड हवेतला वृक्ष आहे. आपल्या मराठवाड्यातील उन्हात तो टिकणार नाही. इंग्रज भारतात आले, तेव्हा इथल्या अनेक झाडांना त्यांनी आपल्या ओळखीच्या झाडांची नावे दिली. करंजाची गुळगुळीत, चकचकीत पाने बीचच्या पानांसारखी दिसतात. म्हणून करंजाला इंग्रजीत 'इंडियन बीच' असे नाव पडले. पण ही दोन झाडे एका कुळातली नाहीत. करंज हा शेंगा धरणारा वृक्ष आहे. तूर, हरभरा, भुईमूग, बाभूळ आणि चिंच यांचे जे कूळ, तेच करंजाचे. शास्त्रज्ञ त्याला 'पोंगामिया पिनाटा' म्हणतात. संस्कृतात त्याला 'करंज' आणि 'नक्तमाल' अशी नावे आहेत. आपल्या जिल्ह्याला लागून असलेल्या कर्नाटकात त्याला 'होंगे' म्हणतात.

मुलांनो, करंज ओळखणे मुळीच कठीण नाही. त्याच्या एका देठावर पाच किंवा सात पर्णिका असतात. एक पर्णिका टोकाला असते आणि बाकीच्या जोडीने समोरासमोर असतात. कोवळी पाने तांबूस असतात. पुढे ती पोपटी होतात आणि शेवटी गर्द हिरवी होतात. उन्हाळ्याच्या सुरुवातीला करंजाची जुनी पाने गळतात. पण झाड फार दिवस उघडे राहत नाही. थोड्याच दिवसांत त्याला नवी पालवी फुटते. ऐन एप्रिल-मे महिन्यांत बाकीची झाडे सुकलेली असतात, तेव्हा करंज मात्र हिरवागार असतो. त्याच सुमारास त्याला पांढरट-जांभळ्या रंगाच्या फुलांचे घोस येतात. फुलांवर मधमाश्यांची गर्दी होते. सकाळी झाडाखाली गेलात, तर जमिनीवर फुलांचा सडा पडलेला दिसेल. त्याची शेंग चपटी, कडक आणि टोकदार असते. तिचा आकार सणाला घरोघरी होणाऱ्या करंजीसारखा असतो. बहुधा एका शेंगेत एकच बी असते.

आता आपल्या जिल्ह्याविषयी थोडे बोलू.

धाराशिव जिल्हा म्हणजे पूर्वीचा उस्मानाबाद जिल्हा. २०२३ साली त्याचे नाव अधिकृतपणे बदलले. धाराशिव, तुळजापूर, उमरगा, लोहारा, कळंब, वाशी, भूम आणि परंडा असे त्याचे आठ तालुके आहेत. जिल्ह्यातून बालाघाटच्या डोंगररांगा जातात. मांजरा आणि तेरणा या इथल्या मुख्य नद्या. अरबी समुद्राकडून येणारे ढग सह्याद्रीच्या पश्चिम बाजूला भरपूर पाऊस पाडतात आणि आपल्याकडे येईपर्यंत रिते होतात. म्हणून हा भाग पर्जन्यछायेचा प्रदेश म्हणून ओळखला जातो. जिल्ह्याचे क्षेत्रफळ सुमारे साडेसात हजार चौरस किलोमीटर आहे. भारताच्या १९८८ च्या राष्ट्रीय वननीतीनुसार देशाच्या एक-तृतीयांश भूमीवर वने किंवा झाडे असावीत. आपल्या जिल्ह्यात मात्र जंगलाचे प्रमाण एक टक्क्याहूनही कमी आहे. शंभर एकर जमिनीत एक एकरही जंगल नाही, असा याचा अर्थ होतो.

अशा जिल्ह्यात कोणते झाड लावावे? ज्याला पाणी कमी लागते, ज्याची मुळे खोल जातात आणि जे उन्हाळ्यात सावली देते, असे झाड लावावे. कडुनिंब, चिंच, वड, पिंपळ आणि करंज ही अशीच झाडे आहेत. करंजाचे सोटमूळ जमिनीत खोल उतरते. त्यामुळे वरची माती कोरडी पडली तरी खालच्या ओलाव्यावर झाड जगते. त्याच्या बाजूच्या मुळांचे जाळे ओढ्याकाठची माती धरून ठेवते. त्याच्या मुळांवर बारीक गाठी असतात. त्या गाठींतील जिवाणू हवेतील नत्र जमिनीत आणतात आणि जमिनीचा कस वाढवतात. करंजाची पाने कडवट असतात. म्हणून गाई-म्हशी त्याला सहसा तोंड लावत नाहीत. मात्र शेळीचा नेम नाही. आपल्या जिल्ह्याची उस्मानाबादी शेळी साऱ्या देशात प्रसिद्ध आहे, आणि भुकेली शेळी कडू-गोड पाहत बसत नाही!

हे सगळे मला पुस्तकातून ठाऊक होते. तरीही पहिल्या वर्षी माझ्या हातून मोठी चूक झाली. ती सांगण्यासारखी आहे.

२०१४ साल होते. मी बी.एड. होऊन नुकताच नोकरीला लागलो होतो. जुलैच्या पहिल्या आठवड्यात देशभर वनमहोत्सव साजरा होतो. ही प्रथा १९५० साली सुरू झाली. आम्हीही तो थाटात साजरा केला. फलक रंगवले, घोषणा दिल्या, पाहुणे बोलावले. तीस रोपे आणली होती. पाहुण्यांच्या हस्ते पहिले रोप लावले. उरलेली रोपे मुलांनी घाईघाईने लावली. टाळ्या वाजल्या, छायाचित्रे निघाली आणि सगळे आपापल्या घरी गेले. मी त्या दिवशी वहीत अभिमानाने लिहिले, 'आज तीस झाडे लावली.'

दिवाळीच्या सुट्टीनंतर शाळा उघडली, तेव्हा त्या तिसांपैकी एकही रोप हिरवे नव्हते.

शाळेच्या शेजारी एका म्हाताऱ्या शेतकऱ्याचे शेत आहे. सारा गाव त्यांना आबा म्हणतो. मी वाळलेल्या काड्यांकडे पाहत उभा होतो, तेव्हा आबा बांधावरून आत आले. त्यांनी एक काडी धरली आणि वर ओढली. काडी सहज हातात आली. तिच्याबरोबर मातीने भरलेली काळी प्लॅस्टिकची पिशवीही वर आली. पिशवीच्या आत मुळे गोल गोल गुंडाळली गेली होती. बाहेर जायला त्यांना वाटच मिळाली नव्हती.

आबा म्हणाले, "गुरुजी, पिशवी कुणी काढायची?"

मी मान खाली घातली. आबांनी दुसरी काडी ओढली. तिची पिशवी काढलेली होती, पण खड्डा जेमतेम वीतभर खोल होता. खाली टणक मुरूम होता. तिसरे रोप शेळीने शेंड्यापासून खाल्ले होते. आबांनी दहा-बारा रोपे उपटून दाखवली आणि प्रत्येक रोप कशाने मेले ते सांगितले. ते रागावले नाहीत. जाताना एवढेच म्हणाले, "खड्डा उन्हाळ्यात घ्यायचा असतो, गुरुजी. पावसाळ्यात नाही."

त्या संध्याकाळी मी वहीतले ते वाक्य खोडले. 'तीस झाडे लावली' हे खरे नव्हते. आम्ही तीस रोपे मारली होती.

पुढच्या वर्षी आम्ही बियांपासून सुरुवात केली. मार्च महिन्यात करंजाच्या शेंगा पिकून पिवळसर तपकिरी होतात. ओढ्याकाठच्या जुन्या करंजाखालून मुलांनी शेंगा वेचून आणल्या. त्या चार दिवस उन्हात वाळवल्या, दगडाने हलकेच फोडल्या आणि आतल्या लालसर बिया काढल्या. करंजाचे बी फार दिवस साठवून ठेवले, तर त्याची उगवण कमी होते. म्हणून ताजे बी वापरावे. किडलेल्या व सुरकुतलेल्या बिया आम्ही बाजूला काढल्या. चांगल्या बिया रात्रभर पाण्यात भिजत घातल्या. तीन भाग माती, एक भाग वाळू आणि एक भाग शेणखत असे मिश्रण तयार केले. दुधाच्या रिकाम्या पिशव्या धुऊन त्यांच्या तळाशी भोके पाडली, म्हणजे जास्तीचे पाणी निथळून जाते. प्रत्येक पिशवीत बोटाच्या एका पेराएवढ्या खोलीवर एकेक बी पेरले. पिशव्या शाळेच्या पडवीत अर्धवट सावलीत ठेवल्या. दोन-तीन आठवड्यांत कोंब वर आले. मुले रोज सकाळी प्रार्थनेच्या आधी पडवीत जाऊन कोंब मोजू लागली.

एप्रिल-मे महिन्यांत आम्ही वीस खड्डे खणले. लांबी, रुंदी आणि खोली प्रत्येकी दीड फूट. मुरूम इतका कठीण होता की मुलांच्या हाताला फोड आले. आबा स्वतः पहार घेऊन मदतीला आले. खड्डे महिनाभर उन्हात तापू दिले. त्यामुळे मातीतील कीड मरते. वरची चांगली माती आणि खालचा मुरूम यांचे वेगवेगळे ढीग केले. पाऊस सुरू होण्यापूर्वी खड्ड्याच्या तळाशी पालापाचोळा घातला आणि त्यावर चांगली माती, शेणखत व मूठभर करंजाची पेंड मिसळून खड्डे भरले. ही पेंड खत म्हणून उपयोगी पडते, शिवाय मातीतल्या किडीलाही दूर ठेवते. झाडे पुढे मोठी होणार, म्हणून दोन खड्ड्यांत पंधरा-सोळा फुटांचे अंतर ठेवले. शाळेच्या भिंतीपासूनही लांबच खणले.

लावणीच्या दिवशी पाहुणे नव्हते, फलक नव्हते. चाळीस मुले होती. दोघांत एक रोप अशी जबाबदारी वाटून दिली. ब्लेडने पिशवी फाडायची, मातीचा गोळा फुटू न देता रोप खड्ड्यात उभे करायचे, माती पायाने हलकेच दाबायची, भोवती आळे करायचे आणि रिकामी पिशवी मला आणून द्यायची. वीस पिशव्या माझ्या हातात आल्यावरच मी मुलांना घरी सोडले. शेळ्यांसाठी प्रत्येक रोपाभोवती बाभळीच्या काट्यांचे कुंपण केले.

आमची तयारी पूर्ण होती. पण त्या वर्षी, म्हणजे २०१५ साली, पावसाने दगा दिला. आदल्या वर्षीही तो कमीच पडला होता. मराठवाड्यात भीषण दुष्काळ पडला. विहिरी आटल्या. हातपंप खडखडू लागले. गावात टँकर येऊ लागले. एप्रिल २०१६ मध्ये शेजारच्या लातूर शहराला मिरजेहून रेल्वेने पाणी पुरवावे लागले, हे तुम्ही घरच्या मोठ्या माणसांकडून ऐकले असेल.

जानेवारी महिना होता. रोपे गुडघ्याएवढी झाली होती, पण त्यांची पाने मलूल दिसत होती. मी वर्गात म्हणालो, "उद्यापासून प्रत्येकाने घरून एक बाटली पाणी आणावे आणि आपल्या रोपाला घालावे."

वर्ग गप्प झाला. मग शेवटच्या बाकावरची एक मुलगी उभी राहिली. ती सहसा बोलत नसे. ती म्हणाली, "सर, अम्मी टँकरच्या रांगेत दोन तास उभी राहते. घरी दादी आजारी आहे. ते पाणी मी झाडाला घालू का?"

मला उत्तर देता आले नाही. झाड जगवणे चांगले काम आहे, हे खरे. पण आईने दोन तास उभे राहून मिळवलेले पाणी झाडाला घालायला सांगण्याचा हक्क मला कोणी दिला होता? मी तिला म्हणालो, "नाही बेटी. ते पाणी दादीचे आहे. प्यायच्या पाण्यातला एक थेंबही झाडाला घालायचा नाही." मग मी सगळ्या वर्गाला विचारले, "तर मग आता काय करायचे? झाडे मरू द्यायची का?"

मुले विचार करू लागली. एक जण म्हणाला, "सर, वापरलेले पाणी चालेल का?" दुसरा म्हणाला, "भांडी विसळलेले?" आणि मग त्याच मुलीने हळूच विचारले, "सर, वजूचे पाणी?"

आमच्या शाळेला लागून मशीद आहे. तिथे नमाजापूर्वी लोक वजू करतात, म्हणजे हात, तोंड आणि पाय धुतात. त्यात साबण नसतो. ते पाणी नालीतून वाहून जात असे. आम्ही मशिदीच्या वडीलधाऱ्या मंडळींना भेटलो. त्यांनी आनंदाने परवानगी दिली. एका बुजुर्गांनी मुलांना समजावून सांगितले, "कोणी झाड लावले आणि त्याचे फळ माणसाने, जनावराने किंवा पाखराने खाल्ले, तर लावणाऱ्याच्या नावे सदका लिहिला जातो, अशी आपल्या पैगंबरांची शिकवण आहे. आणि वाहत्या नदीच्या काठी बसलात तरी वजूला पाणी जपून वापरा, असेही त्यांनी सांगितले आहे." त्या दिवसापासून वजूखान्यात तोटीऐवजी लोटे आले. नालीच्या तोंडाशी एक पिंप पुरले. टँकरचे पाणी कमी लागू लागले आणि वापरलेले पाणी पिंपात साठू लागले.

पण तेही थोडेच होते. ते आळ्यात ओतले, की अर्धे उन्हानेच उडून जाई. तेव्हा आबांनी आम्हांला मडक्याची युक्ती शिकवली. मातीचे लहान मडके घ्यायचे. त्याच्या तळाला बारीक भोक पाडून त्यात सुती चिंधीची वात बसवायची. मडके रोपापासून वीतभर अंतरावर गळ्यापर्यंत जमिनीत पुरायचे आणि तोंडावर झाकण ठेवायचे. मडक्यातले पाणी वातीवाटे आणि मडक्याच्या अंगातून हळूहळू झिरपते व थेट मुळांना मिळते. वर सांडत नाही, उन्हाने उडत नाही. मुलांनी घरोघरी जाऊन तडकलेली, जुनी मडकी गोळा केली. आळ्यांत वाळलेला पाला, उसाचे पाचट आणि लहान दगड पसरले. त्याला आच्छादन म्हणतात. आच्छादनामुळे जमिनीतला ओलावा टिकतो. आठवड्यातून दोनदा प्रत्येक मडक्यात दोन लिटर पाणी, असा आम्ही हिशेब बसवला. वीस रोपांना आठवड्याला ऐंशी लिटर पाणी पुरले.

तरीही सगळी रोपे जगली नाहीत. मार्चमध्ये दोन गेली. एप्रिलमध्ये चार गेली. मे महिन्याच्या शेवटी आणखी एक वाळले. ते त्याच मुलीचे होते. तिने एकदाही पाळी चुकवली नव्हती. तिच्या खड्ड्याखाली कदाचित नुसता कातळ असेल. मेहनत केली म्हणजे यश मिळतेच, असे मी वर्गात कितीदा सांगितले होते. त्या दिवशी मला ते वाक्य उच्चारता आले नाही. मी तिला काय सांगावे याचा विचार करत होतो. तेवढ्यात तिने आपले मडके जमिनीतून उकरून काढले, पलीकडच्या रोपाजवळ नेले आणि त्याच्या दुसऱ्या बाजूला पुरले. म्हणाली, "सर, याला आता दोन मडकी."

जून संपता संपता पाऊस आला. २०१६ चा पावसाळा चांगला झाला. सप्टेंबरात तर ओढ्याला पूर आला. वीसपैकी तेरा रोपे जगली होती.

पहिली तीन वर्षे आम्ही त्यांची काळजी घेतली. दर पावसाळ्यात आळी साफ केली, तण काढले, शेणखत घातले. खालच्या बाजूच्या फांद्या छाटल्या, म्हणजे खोड सरळ वाढते आणि खालून माणसांना चालता येते. करंजाच्या पानांवर कधी कधी बारीक गाठी येतात. पाहायला त्या वाईट दिसतात, पण त्यांनी झाड सहसा मरत नाही. तिसऱ्या वर्षानंतर झाडांना वरून पाणी द्यावे लागले नाही. सहाव्या वर्षी पहिल्या शेंगा लागल्या.

करंजाचे उपयोगही पुष्कळ आहेत. त्याच्या बियांत भरपूर तेल असते. वीज नव्हती त्या काळी खेड्यांत हे तेल दिव्यात जाळीत. साबण तयार करण्यासाठी आणि कातडी कमावण्यासाठीही ते वापरतात. आयुर्वेदात त्वचेच्या रोगांवर करंजाचे तेल सांगितले आहे. पण लक्षात ठेवा, हे तेल कडू आणि विषारी असते. ते खाण्याचे तेल नाही. बिया तोंडात घालू नयेत. पेंडसुद्धा जनावरांना चारू नये, ती शेतात खत म्हणून घालावी. अलीकडे करंजाच्या तेलापासून डिझेलसारखे इंधन तयार करण्याचे प्रयत्न झाले आहेत. भारत सरकारने २००९ साली आणि पुन्हा २०१८ साली जैवइंधनाचे राष्ट्रीय धोरण जाहीर केले. अखाद्य तेलांपासून इंधन मिळवण्यास त्यात उत्तेजन दिले आहे.

गेल्या वर्षी जून महिन्यात शाळेत प्रवेश सुरू होते. एक तरुणी आपल्या धाकट्या भावाला घेऊन आली. मी तिला लगेच ओळखले. भावाचा अर्ज भरून झाल्यावर दोघे मैदानाकडे गेले. भावाने विचारले, "आपा, यातले तुझे झाड कोणते?"

ती म्हणाली, "माझे मेले." मग तिने शेजारच्या झाडाच्या खोडावर हात ठेवला आणि भावाला म्हणाली, "हे दुसऱ्यांचे आहे. पण याने माझ्या मडक्याचे पाणी प्यायले आहे."

त्या झाडाखाली पहिलीची मुले डबा खात बसली होती. झाड कोणी लावले, हे त्यांना ठाऊक नव्हते.

शब्दार्थ

पर्णिका – पानाचा एक लहान भाग. पालवी – कोवळी पाने. घोस – फुलांचा गुच्छ. पर्जन्यछाया – डोंगराआड असल्यामुळे कमी पाऊस पडणारा भाग. कस – जमिनीची पिकवण्याची शक्ती. नत्र – नायट्रोजन वायू. सोटमूळ – सरळ खाली जाणारे मुख्य मूळ. मुरूम – खडकाळ, कठीण माती. पहार – जमीन खणण्याची लोखंडी दांडी. आळे – झाडाभोवती पाण्यासाठी केलेला गोल खळगा. मलूल – सुकलेला, निस्तेज. पेंड – तेल काढल्यावर उरलेला बियांचा चोथा. कातळ – अखंड खडक. पाचट – उसाची वाळलेली पाने. आपा – मोठी बहीण.

वाक्प्रचार

सहसा तोंड न लावणे – बहुधा न खाणे. नेम नसणे – भरवसा नसणे. मान खाली घालणे – लाज वाटणे. दगा देणे – ऐन वेळी फसवणे.

स्वाध्याय

१. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) करंजाला कर्नाटकात काय म्हणतात?
(आ) करंजाची शेंग कोणत्या पदार्थासारखी दिसते?
(इ) वनमहोत्सवाची प्रथा कोणत्या साली सुरू झाली?
(ई) वीस रोपांपैकी किती रोपे जगली?

२. दोन-तीन वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) पहिल्या वर्षी लावलेली रोपे का मेली? तीन कारणे लिहा.
(आ) खड्डे उन्हाळ्यातच का खणावेत?
(इ) मडक्याने पाणी दिल्यास पाण्याची बचत कशी होते?
(ई) लेखकाने वहीतले वाक्य का खोडले?

३. सात-आठ वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) बियांपासून करंजाचे रोप कसे तयार करावे, ते क्रमाने लिहा.
(आ) 'प्यायच्या पाण्यातला एक थेंबही झाडाला घालायचा नाही,' असे लेखक का म्हणाले? तुम्हांला त्यांचे म्हणणे पटते का? कारण द्या.
(इ) आपले रोप वाळल्यावर त्या मुलीने काय केले? त्यावरून तिचा स्वभाव कसा दिसतो?

४. खालील शब्द मराठीत आणि उर्दूत दोन्हीकडे आहेत. प्रत्येकाचा मराठी वाक्यात उपयोग करा.
जमीन, हिशेब, मेहनत, जबाबदारी, हक्क.

५. लिंग ओळखा. उर्दूत दोन लिंगे आहेत, मराठीत तीन आहेत, हे लक्षात ठेवा.
उदाहरण : रोप – ते रोप – नपुंसकलिंग.
शेंग, खड्डा, मडके, सावली, तेल, पाऊस.

६. कंसातील शब्दाचे योग्य रूप लिहून रिकाम्या जागा भरा.
(अ) मुले ______ बसली. (झाड + खाली)
(आ) ______ एकच बी असते. (शेंग + त)
(इ) ______ काळजी घ्या. (रोपे + ची)

उपक्रम

आपल्या घरापासून शाळेपर्यंतच्या वाटेवर किती करंज आहेत ते मोजा. मार्च महिन्यात शेंगा वेचून पाच बिया पेरा. किती उगवल्या, किती जगल्या आणि ज्या जगल्या नाहीत त्या कशामुळे, याची वर्षभर वहीत नोंद ठेवा.